अ‍ॅनी लेनॉक्सला स्त्रीवाद ‘गाणी संपल्यावर’ सुचला? तारखा काढून बघू

‘स्वीट ड्रीम्स’ कुठल्या ना कुठल्या रीलवर पुन्हा वाजायला लागलं, की मागोमाग ते गाणाऱ्या ब्रिटिश गायिका अ‍ॅनी लेनॉक्सबद्दलचा एक मजकूरही फिरायला लागतो. शब्द बदलतात, मुद्दे तेच राहतात. ‘स्वीट ड्रीम्स’ करणाऱ्या युरिदमिक्स या दोघांच्या बँडचं संगीत खरं तर तिच्या साथीदाराचं, डेव्ह स्टुअर्टचं, ही फक्त गायची. पुरुषी सूट आणि बारीक कापलेले केस ही रेकॉर्ड कंपनीची विक्रीची युक्ती. गाणी चालेनाशी झाल्यावर बाईंना स्त्रीवाद आणि आफ्रिका आठवली. ‘एचआयव्ही पॉझिटिव्ह’ लिहिलेला टी-शर्ट घालून फोटो काढण्यापलीकडे काही केलं नाही. आता तरुण गायिकांना शहाणपण शिकवते. आणि तिची ‘द सर्कल’ ही संस्था म्हणजे श्रीमंत बायकांचा क्लब. सोबत बहुतेक वेळा तोच टी-शर्टवाला फोटो.

यातल्या एक-दोन मुद्द्यांत तथ्य आहे आणि ते जिथे आहे तिथे मान्यही करू. पण ‘आधी करिअर, मग स्त्रीवाद’ हा जो या मजकुराचा कणा आहे, तो नुसत्या सनावळीनेच मोडतो.

“संगीत डेव्हचं, ती फक्त गायची”

हाच आरोप ‘द टूरिस्ट्स’च्या काळाबद्दल केला असता तर वाद घालायचं कारण नव्हतं. युरिदमिक्सच्या आधी, 1977 ते 1980 या काळात, लेनॉक्स आणि स्टुअर्ट या बँडमध्ये होते. तिथली बहुतेक गाणी पीट कूम्ब्स या त्यांच्या गिटारवादकाने लिहिलेली. सगळ्यात गाजलेलं गाणं तर डस्टी स्प्रिंगफील्डच्या 1963 च्या गाण्याची नवी आवृत्ती होती; 1979 मध्ये ते ब्रिटनच्या यादीत चौथ्या क्रमांकापर्यंत गेलं. सोनेरी केसांची मुलगी पुढे उभी राहून गाते आणि मागे मुलगे वाजवतात, ही प्रतिमा त्या बँडची. ती नंतर युरिदमिक्सला उगाच चिकटवली गेली.

लेनॉक्सचा जन्म 25 डिसेंबर 1954 चा, स्कॉटलंडच्या ईशान्य किनाऱ्यावरच्या अ‍ॅबरडीनचा. वडील जहाजांच्या गोदीत बॉयलरमेकर. सतराव्या वर्षी ती लंडनच्या रॉयल अकॅडमी ऑफ म्युझिकमध्ये दाखल झाली. बासरी, पियानो, हार्पसिकॉर्ड असं तिथलं शिक्षण. शेवटची परीक्षा न देताच तिने ते सोडलं आणि हॅम्पस्टेडमधल्या एका रेस्टॉरंटमध्ये वेट्रेसची नोकरी धरली. स्टुअर्ट तिला तिथे भेटला. त्यामुळे ‘त्याने तिला घडवलं’ हे वाक्य निदान संगीताच्या शिक्षणाबाबत तरी फोल आहे. त्या दोघांत रीतसर शिकलेली ती होती.

युरिदमिक्स सुरू झालं 1980 च्या सुमारास, दोघांचं प्रेमप्रकरण संपल्यानंतर. पहिला अल्बम ‘इन द गार्डन’ जर्मनीत कोलोनजवळ कॉनी प्लँकच्या स्टुडिओत झाला, 1981 मध्ये आला आणि पडला. मग दोघांनी बँकेकडून सुमारे 5 हजार पौंडांचं कर्ज काढलं, सामान घेतलं आणि लंडनच्या चॉक फार्म भागात, फोटोफ्रेमच्या कारखान्याच्या वरच्या खोलीत बसून पुढचं काम केलं. ‘स्वीट ड्रीम्स’ तिथलंच.

तिथे आठ ट्रॅकचं टेपयंत्र होतं. आठ ट्रॅक म्हणजे टेपवर शेजारीशेजारी आठच पट्ट्या. नववा आवाज हवा असेल तर आधीचे दोन-तीन एकत्र मिसळून एका पट्टीवर उतरवायचे, म्हणजे बाकीच्या मोकळ्या होतात. एकदा मिसळलं की सोडवता येत नाही. ड्रम जास्त मोठा राहिला तर तो तसाच राहतो. म्हणून अशा ठिकाणी काय वाजवायचं याइतकंच काय वाजवायचं नाही हेही आधी ठरवावं लागतं. त्या गाण्याचा जो मोकळेपणा आज ‘स्टाईल’ म्हणून वाखाणला जातो, त्यात या टंचाईचा वाटा मोठा आहे.

आपण सगळे जी धून तोंडाने वाजवतो ती प्रत्यक्षात एक ओळ नाहीच. स्टुअर्टने यंत्रावर लावलेला एक फिरता तुकडा आणि त्यावर लेनॉक्सने दुसऱ्या सिंथवर हाताने वाजवलेली ओळ, या दोन्हींच्या गुंत्यातून ती तयार होते. एक काढून घेतली तर गाणं ओळखू येतं, पण लंगडतं. मधल्या भागात जी किणकिण ऐकू येते ती पाणी भरून सुरात आणलेल्या दुधाच्या बाटल्यांची. शब्द लेनॉक्सचे, तेही मन पार खचलेल्या दिवसांतले. स्टुअर्टला ते फारच निराश वाटले, म्हणून मान वर ठेवून पुढे चालायला सांगणारा तुकडा मध्ये घातला गेला. मागचा कोरस भासणारा जो आवाजांचा थर आहे, तो म्हणजे तिचाच आवाज एकावर एक चढवलेला. 1983 मध्ये हे गाणं ब्रिटनमध्ये दुसऱ्या आणि अमेरिकेत पहिल्या क्रमांकावर गेलं.

मग गैरसमज आला कुठून? थोडा श्रेयनामावलीतून. रेकॉर्डच्या वेष्टनावर लेखनाचं आणि निर्मितीचं श्रेय वेगवेगळं छापतात. युरिदमिक्सच्या बहुतेक अल्बमवर निर्माता म्हणून स्टुअर्टचं एकट्याचं नाव आहे आणि ते रास्तच आहे: यंत्रं, मिक्सिंग, नाद कसा यावा हे त्याचं काम. पण गाण्यांखाली नाव आहे लेनॉक्स–स्टुअर्ट असं जोडीने. गाणं दुसऱ्या कुणीही गायलं, कुठेही वाजलं, तरी लेखनाचं मानधन या नावांवर जातं. कायद्याच्या नजरेत ‘गाणं कुणाचं’ याचं उत्तर तेच. उरलेला गैरसमज व्हिडिओने केला. त्या प्रसिद्ध व्हिडिओत बैठकीच्या टेबलाशी स्टुअर्ट ड्रमच्या यंत्रावर बोटं चालवत बसलाय, लेनॉक्सच्या हातात मात्र छडी. बघणाऱ्याने काय निष्कर्ष काढायचा?

आणि तरीही शंका असेल तर 1992 चा ‘दिवा’ आहेच. स्टुअर्ट नाही, निर्माता स्टीफन लिप्सन, दोन-तीन सोडून बाकी सगळी गाणी तिने एकटीने लिहिलेली. ब्रिटनमध्ये पहिला क्रमांक आणि पुढच्या वर्षी ब्रिट पुरस्कारांत सर्वोत्तम अल्बम. 2015 मध्ये ब्रिटनच्या गीतकार-संगीतकारांच्या संस्थेने, बास्काने, तिला फेलोशिप दिली. हा मान मिळालेली ती पहिली बाई. गायिका म्हणून नाही, लिहिणारी म्हणून.

“सूट ही विक्रीची युक्ती”

युक्ती होती, यात शंकाच नाही. प्रश्न एवढाच, की कुणाची आणि कशासाठी.

टूरिस्ट्सच्या दिवसांत पत्रकारांना तिच्या केसांत आणि फ्रॉकमध्ये जास्त रस होता. युरिदमिक्स करताना दोघांनी जवळपास सारखे सूट घालायचं ठरवलं, ते ‘एक मुलगी आणि तिचा संगीतकार’ असं न दिसता समान भागीदार दिसावेत म्हणून. हे कारण लेनॉक्सने अनेक मुलाखतींत सांगितलेलं आहे.

‘लव्ह इज अ स्ट्रेंजर’चा व्हिडिओ या बाबतीत ‘स्वीट ड्रीम्स’पेक्षा जास्त बोलका. सुरुवातीला ती सोनेरी कुरळ्या केसांची, फरच्या कोटातली, गाडीत बसणारी महागडी बाई. मग एका क्षणी ती केसांना हात घालते आणि विग उपटून काढते. खाली भादरल्यासारखे आखूड केस. हा क्षण पुन्हा पुन्हा थांबवून बघावा असा आहे. तिचा चेहरा तोच, मेकअप तोच, पण कॅमेऱ्याकडे बघायची नजर बदलते. आतापर्यंत जी बघण्याची वस्तू होती, ती आता बघतेय. अमेरिकेत दूरचित्रवाणीवाल्यांना प्रश्न पडला की हा बाईच्या वेशातला पुरुष तर नाही ना, आणि व्हिडिओवरून घोळ झाला. नुसती विक्रीच करायची असती तर हा धोका कुणी अंगावर घेतला नसता. फेब्रुवारी 1984 च्या ग्रॅमी सोहळ्यात तर ती कल्ले चिकटवून, केसांचा कोंबडा काढून, एल्व्हिसच्या थाटात थेट पुरुष बनून आली.

या सगळ्याचा एमटीव्हीच्या काळात विक्रीला फायदा झाला, हे मान्य. डेव्हिड बोवी या ब्रिटिश गायकाची उसनवारी आहे, हेही काही अंशी मान्य; मात्र पुरुषाने लिपस्टिक लावणं आणि बाईने सूट घालणं या उलट दिशेच्या गोष्टी आहेत. पुरुष स्वतःला अधिक दिसता करतो. लेनॉक्सने सूट घातला तो शरीर चर्चेतून बाजूला काढायला.

विक्रीचा मुद्दा खोडायला सगळ्यात कामाचा अल्बम मात्र 1987 चा ‘सॅव्हेज’. सूट एव्हाना मागे पडलाय. दिग्दर्शिका सोफी म्युलरबरोबर तिने जवळजवळ पूर्ण अल्बमचे व्हिडिओ केले. ‘बीथोव्हन’मध्ये फिकट कपड्यांतली एक गृहिणी घर पुसते, विणकाम करते, भाजी चिरते, सगळं नको इतकं नीट. हळूहळू तिचा तोल जातो आणि तीच बाई भडक सोनेरी विग आणि झगझगीत कपडे चढवून घराबाहेर पडते. पुढच्या ‘आय नीड अ मॅन’मध्ये तीच विगवाली थेट कॅमेऱ्याला भिडते. घरंदाज बाई हाही वेश आणि मादक बाई हाही वेश, हे एवढं उघड तिने आधी कधी मांडलं नव्हतं. आता आकडे. आदल्या वर्षीचा सरळसोट रॉक अल्बम ‘रिव्हेंज’ ब्रिटनमध्ये तिसरा, अमेरिकेत बारावा होता. ‘सॅव्हेज’ ब्रिटनमध्ये सातवा आणि अमेरिकेत एकेचाळिसावा. स्त्रीवादी मांडणी जितकी टोकदार झाली, खप तितका उतरला. विकण्यासाठी करणाऱ्याने असं केलं नसतं.

मधल्या 1985 सालाबद्दलही दोन शब्द. ‘सिस्टर्स आर डूइंग इट फॉर देमसेल्व्ह्ज’ हे अरेथा फ्रँकलिनबरोबरचं गाणं महिला दिनाला हमखास वाजतं. प्रत्येक यशस्वी पुरुषामागे एक स्त्री असते, ही जी घासून गुळगुळीत झालेली म्हण आहे, तिलाच ते उलटं करतं: आता मागे नाही, पुढे. ब्रिटनमध्ये नववं, अमेरिकेत अठरावं. पण या गाण्याचा स्त्रीवाद फार धारदार आहे असं आम्ही म्हणणार नाही. डॉक्टर, वकील, राजकारणी बायकांची यादी देऊन ते लगेच पुरुषांना धीर देतं की बायकांचं तुमच्यावर अजून प्रेम आहे हो. शिवाय गंमत अशी की स्वावलंबी भगिनींच्या या गाण्यात वाजवणारे बरेचसे अमेरिकन रॉक गायक टॉम पेटीच्या बँडमधले पुरुष आहेत. खोलीसाठी ‘सॅव्हेज’ ऐकावा, नाचायला ‘सिस्टर्स’.

“गाणी चालेनाशी झाल्यावर”

इथे नुसता क्रम लावला तरी पुरे.

1985, ‘सिस्टर्स’, युरिदमिक्स ऐन भरात. जून 1988, नेल्सन मंडेलांच्या सत्तराव्या वाढदिवसाची वेम्ब्लीतली मैफल. मंडेला तेव्हा तुरुंगात होते आणि युरिदमिक्स त्या मंचावर होतं. 1990, एड्स निवारणासाठी निधी उभारणारा ‘रेड हॉट अँड ब्लू’ हा कोल पोर्टरच्या गाण्यांचा अल्बम. लेनॉक्सने त्यात एक गाणं गायलं. त्याचा व्हिडिओ चित्रपट दिग्दर्शक डेरेक जार्मन करणार होता, पण तो एचआयव्हीमुळे आजारी पडला. शेवटी त्याच्या लहानपणीच्या घरगुती फिल्म्स तिच्या चेहऱ्यावर पाडून व्हिडिओ झाला. म्हणजे एड्सविषयीचं तिचं काम तिच्या सगळ्यात यशस्वी स्वतंत्र अल्बमच्या दोन वर्षं आधीचं. 1999 मध्ये युरिदमिक्स पुन्हा एकत्र आलं तेव्हा दौऱ्याची मिळकत अ‍ॅम्नेस्टी आणि ग्रीनपीसला दिली. 2004 मध्ये गीतासाठी ऑस्कर. 2007 मध्ये एड्सच्या लढ्यासाठीचं ‘सिंग’ हे गाणं, 2008 मध्ये ‘द सर्कल’ ही संस्था. मार्च 2025 मध्ये लंडनच्या रॉयल अल्बर्ट हॉलमध्ये तिने इतर गायिकांना बरोबर घेऊन मैफल केली, तीही त्याच संस्थेसाठी. तेव्हा ती सत्तरीची होती.

खरं एवढंच, की 2003 नंतर तिने अल्बम कमी आणि प्रचार जास्त केला. त्याला गाणी संपणं म्हणायचं तर म्हणा.

“टी-शर्ट घालून फोटो काढले”

हा आरोप सगळ्यात जास्त फिरतो आणि सगळ्यात कमी माहितीवर उभा आहे. काही जण तर तो फोटो ‘लेनॉक्सला एचआयव्ही आहे’ म्हणूनच पुढे पाठवतात. तिला एचआयव्ही नाही. टी-शर्टचा उद्देशच मुळी बघणाऱ्याला कळू नये हा आहे.

डिसेंबर 1998 मध्ये दक्षिण आफ्रिकेत, डर्बनजवळच्या क्वामाशू वस्तीत, गुगु द्लामिनी या कार्यकर्तीने आपल्याला एचआयव्ही असल्याचं जाहीरपणे सांगितलं. काही दिवसांतच जमावाने मारहाण करून तिचा जीव घेतला. त्याच महिन्यात केपटाऊनमध्ये ट्रीटमेंट अ‍ॅक्शन कॅम्पेन, म्हणजे टॅक, ही संघटना उभी राहिली होती. टॅकचे लोक ‘एचआयव्ही पॉझिटिव्ह’ असे ठळक शब्द छापलेले टी-शर्ट घालून मोर्चात उतरू लागले. लागण झालेले आणि न झालेले सगळेच एकसारखा शर्ट घालतात, त्यामुळे गर्दीत बोट कुणाकडे दाखवायचं हेच कळत नाही. डिसेंबर 2002 मध्ये मंडेलांनी केपटाऊनच्या खायेलित्शा वस्तीत तोच शर्ट घातला. लेनॉक्सने घातला तो त्यानंतर, आणि तिने तो स्वतः डिझाइन वगैरे केलेला नाही. लोक विचारतात ‘हिला आहे का?’ तिथेच शर्टाचं काम झालेलं असतं.

आता ‘काही केलं नाही’बद्दल. त्यासाठी आधी प्रश्न काय होता ते नीट बघायला हवं, कारण तो मुळात बायकांचा प्रश्न होता.

लागण असलेल्या आईकडून बाळाला एचआयव्ही तीन टप्प्यांत जाऊ शकतो: गरोदरपणात, प्रसूतीत आणि अंगावर पाजताना. काहीच उपाय केला नाही तर 15 ते 45 टक्के बाळांना लागण होते. नीट उपचार मिळाले तर हे प्रमाण 5 टक्क्यांच्या खाली आणता येतं. 1999 मध्ये युगांडातल्या चाचणीने दाखवलं की नेविरापीन हे औषध प्रसूतीच्या कळा सुरू झाल्यावर आईला 200 मिलिग्रॅमची एक गोळी आणि बाळाला जन्मानंतर 72 तासांच्या आत वजनाच्या किलोमागे 2 मिलिग्रॅम द्रव, एवढ्यानेही संसर्ग झिडोव्हुडीन या दुसऱ्या एचआयव्हीविरोधी औषधाच्या त्या वेळच्या अल्प उपचाराच्या तुलनेत जवळपास निम्मा होतो. एक गोळी, काही थेंब. फ्रीज लागत नाही, सलाईन लागत नाही.

तरीही दक्षिण आफ्रिकेच्या सरकारने हे औषध सरकारी दवाखान्यांत सरसकट देऊ दिलं नाही. प्रत्येक प्रांतात दोन, असे एकूण 18 प्रायोगिक दवाखाने ठरवले. उत्पादक कंपनीने पाच वर्षं फुकट देऊ केलं होतं, तरी. एखाद्या बाईचं गाव त्या अठरांत नसेल तर तिच्या बाळाचं नशीब. टॅक कोर्टात गेली आणि 5 जुलै 2002 रोजी घटनात्मक न्यायालयाने सरकारला हे बंधन उठवायला लावलं.

निकालाने सगळं सुटलं नाही, आणि लेनॉक्सचा प्रवेश इथे होतो. एकाच गोळीचा उपचार अपुरा होता: नेविरापीन अंगात बरेच दिवस रेंगाळतं, त्यामुळे आईच्या शरीरातला विषाणू त्याला दाद देईनासा होतो आणि तिच्या स्वतःच्या पुढच्या उपचाराची वाट अवघड होते. बाळ वाचवायचं आणि आईला वाऱ्यावर सोडायचं, असा त्याचा अर्थ व्हायचा. आईलाही कायमची तिहेरी औषधं, म्हणजे एचआयव्हीविरोधी तीन औषधं एकत्र, हवी होती. पाजण्याचाही गुंता होता. अंगावरचं दूध आणि वरचं अन्न दोन्ही मिसळून दिलं तर धोका वाढतो. फक्त पावडरीचं दूध द्यायचं तर पाणी शुद्ध हवं, नाहीतर बाळ जुलाबाने जातं. आणि आरोग्यमंत्री मांटो त्शाबालाला-म्सिमांग तेव्हा लसूण आणि बीटरूटची महती सांगत होत्या. 2000 नंतरच्या त्या दशकात सरकारी प्रसूतीपूर्व तपासणीत जवळपास दर तीन-साडेतीन गरोदर बायकांमागे एकीला लागण आढळत होती.

तिहेरी औषधांच्या किमतीच्या गोष्टीत मुंबई येते. पाश्चात्त्य कंपन्यांच्या दराने एका माणसाचा वर्षाचा खर्च 10 हजार डॉलरच्या घरात असताना, फेब्रुवारी 2001 मध्ये मुंबईच्या सिप्लाने डॉक्टर्स विदाऊट बॉर्डर्सला तो 350 डॉलरमध्ये देऊ केला. स्वस्त जेनेरिक औषधं हा टॅकच्या लढ्याचा इतका जिव्हाळ्याचा विषय, की संघटनेतल्या गाणाऱ्यांच्या गटाने नावच घेतलं ‘द जेनेरिक्स’.

29 नोव्हेंबर 2003 ला केपटाऊनमध्ये ‘46664’ ही एड्सविषयक मैफल झाली. तो मंडेलांचा रॉबेन बेटावरचा कैदी क्रमांक, 1964 सालचा 466 वा. त्या निमित्ताने मंडेलांनी आपल्या जुन्या कोठडीसमोर उभं राहून या साथीला वंशसंहार म्हटलं आणि तिचा सगळ्यात मोठा घाव बायका-मुलांवर बसतो असं सांगितलं. लेनॉक्स तिथे होती. पुढे तिने काय केलं? स्वतःची नवी मोहीम शून्यातून काढून आफ्रिकेला शिकवायला गेली नाही. कोर्टात जिंकलेल्या, तिथल्याच माणसांनी चालवलेल्या टॅकच्या मागे उभी राहिली. 2007 च्या ‘सिंग’ या गाण्यात तिने जेनेरिक्सच्या गाण्याचा तुकडा घेतला, मॅडोनापासून अँजेलिक किजोपर्यंत 23 गायिकांचे आवाज जमवले आणि ते जागतिक एड्स दिनाला आणलं. उत्पन्न टॅकसाठी. मागणी नेमकी: गरोदर बायकांना तपासणी आणि औषध, आयांना पुढचे उपचार. 2010 मध्ये ती यूएनएड्सची सदिच्छादूत झाली.

‘सिंग’वरची एक टीका आम्हालाही पटते. विषय दक्षिण आफ्रिकेतल्या बायकांचा आणि 23 नावांत आफ्रिकेशी नातं सांगणारी नावं मोजकीच. गाणं म्हणूनही ते तिच्या उत्तम गाण्यांत बसत नाही. प्रचारगीताचा भार त्याला पेलत नाही. पण ‘फोटोपुरतं’ हा वेगळा आरोप आहे आणि तो खोटा आहे.

“तरुण गायिकांना शहाणपण शिकवते”

ऑक्टोबर 2013 मध्ये लेनॉक्सने संगीत-व्हिडिओंतल्या उघड लैंगिकतेवर टीका केली. 2014 मध्ये एका मुलाखतीत बियॉन्सेच्या स्त्रीवादाला ‘हलका’ ठरवलं आणि दुसऱ्या मुलाखतीत ट्वर्किंग (कंबर-नितंब हलवत केलेला नाच) म्हणजे स्त्रीवाद नव्हे असं म्हटलं. गदारोळ झाला.

बियॉन्सेबद्दलचं विधान चुकलंच. स्वतः विग आणि वेश वापरून स्त्रीत्वाचा खेळ मांडलेल्या बाईने दुसरीच्या, तेही कृष्णवर्णीय कलाकाराच्या, शरीराच्या वापराला उथळ म्हणणं बरं दिसलं नाही. नंतर तिने रोख एका व्यक्तीवर नव्हता असं स्पष्ट केलं, पण शब्द निघून गेला होता.

‘ती बंदी मागते’ हे मात्र कुणीतरी रचलेलं. तिचं म्हणणं होतं की सिनेमाला जशी वयाची श्रेणी असते तशी व्हिडिओंनाही असावी, कारण हे व्हिडिओ शाळकरी मुलींपर्यंत थेट पोचतात. ब्रिटनमध्ये ऑक्टोबर 2014 पासून असा प्रयोग सुरू झालाही: मोठ्या तीन कंपन्यांनी व्हिडिओ सेन्सॉर मंडळाकडे पाठवायचे, मंडळाने 12, 15 किंवा 18 ची श्रेणी द्यायची, यूट्यूब आणि व्हेवो या संगीत-व्हिडिओंच्या सेवेने ती दाखवायची. तो अपुरा पडला, कारण नियम फक्त ब्रिटनमध्ये तयार झालेल्या व्हिडिओंना लागू होता. ज्यांच्यावरून वाद पेटला ते जवळपास सगळे अमेरिकन. शिवाय श्रेणी नुसती पाटी म्हणून दिसत होती. पालकांनी फिल्टर लावला नसेल तर मूल तो व्हिडिओ बघायचंच.

“श्रीमंत बायकांचा क्लब”

हा शेपटाचा मुद्दा ‘द सर्कल’बद्दल. संस्थेची रचना बघितली तर शंका येणं स्वाभाविक आहे: वकील, पत्रकार, संगीत आणि चित्रपट क्षेत्रातल्या बायका एकत्र येऊन आपापल्या कौशल्याचा वापर दुसऱ्या देशांतल्या बायकांसाठी करतात. सुरुवात ऑक्सफॅमच्या सोबतीने झाली, नंतर संस्था स्वतंत्र झाली.

क्लबने काय केलं याचं एक उदाहरण. 2017 मध्ये बॅरिस्टर जेसिका सिमोर यांच्या पुढाकाराने वकिलांच्या गटाने कपडे शिवणाऱ्या देशांतल्या मजुरीचा अहवाल केला. भारत, बांगलादेश यांसारख्या देशांतले कायदे तपासले. किमान वेतन आणि जगण्यापुरतं वेतन यांत जमीन-अस्मानाचा फरक असतो हा त्याचा गाभा: कायद्याने ठरलेलं किमान वेतन पूर्ण मिळूनही शिलाई कामगार बाईचं भाडं, जेवण आणि मुलांची शाळा त्यात बसत नाही. पुरेशा मोबदल्याचा हक्क मानवी हक्कांच्या जाहीरनाम्याच्या कलम 23 मध्येच आहे, त्यामुळे अहवालाने हा प्रश्न दानधर्मातून उचलून कायद्यात नेऊन ठेवला.

एकट्या देशाने वेतन वाढवलं तर काय होतं हे या धंद्यातल्या कुणालाही विचारा. ब्रँड नगामागचा दर आधीच बांधून देतो. मजुरी वाढली की कारखानदाराच्या हातात काही उरत नाही आणि पुढच्या हंगामाची ऑर्डर शेजारच्या देशात जाते. म्हणून संस्थेने पुढे मागणी वळवली ती माल विकत घेणाऱ्या बाजारपेठेकडे: युरोपीय संघात कपडे विकायचे असतील तर पुरवठा साखळीत जगण्यापुरतं वेतन मिळतंय याची कायदेशीर जबाबदारी ब्रँडवरच टाका. अशा कायद्यात कारखाना ढाक्यात आहे की तिरुपूरला, याने फरक पडत नाही. लेबल कुणाचं आहे, त्याने पडतो.